लेंडीखत, गादी आणि मी

मित्रांनो, मी एक अ‍ॅस्पेनचे झाड आहे. जुने की नवे, हे मात्र मला विचारू नका. हे खोड अठरा वर्षांचे आहे. ज्या मुळातून ते आले, ते मूळ डोंगरावर कधीपासून आहे हे मुळालाही आठवत नाही. आमच्यात बी क्वचितच रुजते. एकाच मुळातून फुटवे वर येतात आणि अख्खा उतार व्यापतात. बघणाऱ्याला जंगल दिसते. आम्ही आपले एकटेच असतो.

अमेरिकेतल्या नेवाडा राज्यात, त्या डोंगरावर, युरोपातून आलेले बास्क मेंढपाळ उन्हाळाभर कळप घेऊन राहायचे. बोलायला माणूस नसे. मेंढ्या ऐकून घेत, पण उत्तर देत नसत. मग ते लोक आमच्या पांढऱ्या सालीवर चाकूच्या टोकाने आपले नाव लिहीत. ओरखडा इतका बारीक की लिहिणाऱ्यालाही दिसू नये. चार-पाच वर्षांनी तिथला व्रण काळा पडून फुगे, आणि अक्षरे उमटत. लिहायचे त्यांनी, गिरवायचे आम्ही.

माझ्या शेजारच्या थोरल्या खोडावर लिहिले होते : पेयो, १९५१. पेयो तेव्हा वीस वर्षांचा होता. पुढच्या शरदात बर्फाचे वादळ वेळेआधी आले, आणि पेयो डोंगरावरून उतरला नाही. पत्रे लिहायचा त्याला कंटाळा होता. त्याच्या हातचे म्हणून मागे उरले ते एवढेच.

चाळीस वर्षांनी ते खोड आतून पोखरले गेले आणि बुंध्यावर अळंबी उगवली. पेयोचा धाकटा भाऊ गानिश, मेंढ्या विकून नुकताच मोकळा झालेला, ते बघून बराच वेळ उभा राहिला. हे खोड पुढचा हिवाळा काढणार नाही, हे त्याला कळले. मग त्याने कुदळ आणली आणि त्याच मुळाचा कमरेएवढा फुटवा, म्हणजे मला, ओल्या पोत्यात गुंडाळून खाली विनेमुक्का गावात नेले.

दारात त्याची थोरली बहीण मायालेन उभी होती. "हे काय? मला मारायला छडी आणलीस का?"

"पेयोच्या झाडाचा फुटवा आहे, ताई."

तिने पोते जरा उघडून पाहिले. मग म्हणाली, "अरे, मग उन्हात काय धरून उभा आहेस?"

मित्रांनो, तिथे उन्हाशिवाय दुसरे काही नव्हतेच. माती चोपण, खारवट, जुलैत तव्यासारखी तापणारी. डोंगरावर जूनमध्येही माझ्या पायाशी बर्फ असे. माझी पाने पिवळी पडू लागली. शिरा तेवढ्या हिरव्या राहिल्या. गानिशच्या मते जगात औषधे दोनच होती, लेंडीखत आणि लाल वाइन. वाइन त्याने स्वतःसाठी ठेवली.

मला ताजे लेंडीखत मिळाले. पाने करपली, म्हणून आणखी मिळाले. ऑगस्टमध्ये तर बुंध्याला टेकवून ढीगच रचला गेला. मी भरभर वाढलो, पण ती वाढ सुजेसारखी होती. कोवळ्या शेंड्यांवर मावा बसला, आणि सप्टेंबरच्या पहिल्या हिमाने ते शेंडे काळे केले. गावातले लोक खताची तारीफ करून जात होते. माझ्याबद्दल कुणी बोलत नव्हते.

डोंगरावरचे थोरले खोड त्याच हिवाळ्यात आडवे झाले. पेयोची खूण म्हणून आता उरलो फक्त मी, आणि माझीही खात्री नव्हती.

वसंतात गानिश पुन्हा पाटी भरून आला. मायालेन वाटेत उभी राहिली.

"एक सांग. डोंगरावर याला खत कोण घालत होतं?"

"म्हणजे?"

"म्हणजे तू घालत होतास का? की पेयो?"

गानिशने पाटी खाली ठेवली. "कुणीच नाही."

"मग कसं जगत होतं?"

"गार होतं. ओल होती. पानं पडून कुजायची."

"चाळीस वर्षं तिथे राहून आलास, आणि हे मी विचारल्यावर आठवतंय तुला."

दोघांनी मिळून ढीग उपसला. पाणी सोडून मातीतला खार धुऊन काढला. मला घराच्या उत्तरेच्या सावलीत हलवले. मग मायालेन आत गेली आणि लोकरीची एक जुनी गादी ओढत घेऊन आली.

"ताई, ही पेयोची."

"माहितीये. चाळीस वर्षं तिच्यावर कुणी झोपलं नाही."

तिने शिवण उसवली आणि ती लोकर माझ्या मुळांवर पसरली. तो पहिला उन्हाळा, ज्यात माझे पाय गार राहिले. आठवड्यातून एकदा खोलवर पाणी, पडलेली पाने जागच्या जागी, आणि वसंतात मूठभर पूर्ण कुजलेले खत. गानिशने दुसरी मूठ उचलली की खिडकीतून खोकल्याचा आवाज येई.

मित्रांनो, एखाद्याला खाऊ घालण्याआधी तो कुठून आला आहे ते विचारा. आणि झाडावर आपले नाव कोरू नका. खोल जखमेतून रोग शिरतो, आणि तुमचे नाव लिहायला वह्या आहेत.

पण इतक्या वर्षांनी, या वसंतात, गानिश पेयोचे नाव लिहायला चाकू घेऊन आला, तेव्हा मी स्वस्थ उभा राहिलो. चाकूचे टोक सालीवर जेमतेम टेकत होते.

"खोल नको जाऊस," मायालेन खुर्चीतून म्हणाली.

"हे तरी मला शिकवू नकोस."

"काही दिसत नाहीये."

"दिसेल. चार-पाच वर्षांनी."

"तेव्हा मी शहाऐंशीची असेन."

"मग हो की शहाऐंशीची."

तिने खुर्ची जरा जवळ ओढून घेतली. मी गिरवायला सुरुवात केली आहे.