सुगंधाचा जबाब

"दारात आलेल्या बाईच्या हातचा नैवेद्य घ्यायचा नाही? अशी कशी गो ती?" हायकोर्टातल्या बाकावर बसल्या बसल्या मालन लेकीपाशी धुसफुसत होती. "सुगंधा लग्न होऊन शेजारी आली तेव्हापासून गणपतीत माझे पहिले मोदक तिच्या घरी जातात. यंदा ताट बघून म्हणते, नको वैनी. आणि कडी लावली. माझ्या तोंडावर!"

जान्हवीने मोबाइल खाली ठेवला. "आई, तू तिच्याकडे गेली होतीस? वकीलबाईंनी काय बजावलं होतं?"

"साक्षीदाराशी बोलू नका म्हणे. तिच्या कुकरची शिटी माझ्या घरात वाजते. मी काय तोंडाला पट्टी बांधून राहू?"

"काय बोललीस तिला?"

"दोन शब्द ऐकवले. मालन कुणाचं ठेवून घेत नाही."

जान्हवी पुढे काही विचारणार, तोच तिच्या भावाच्या, सुशांतच्या, जामीन अर्जाचा पुकारा झाला.

चारकोपच्या त्या बैठ्या वस्तीत मालनच्या जिभेचा दरारा होता. शाळा चौथीतच सुटलेली, पण सोसायटीच्या मीटिंगमध्ये ती उठून उभी राहिली की सेक्रेटरी पाण्याचा ग्लास शोधायचा. गिरणी गेली, मागोमाग नवरा गेला, तेव्हा डबे पुरवून तिने दोन पोरं वाढवली. कुणापुढे हात पसरला नाही. त्यातला सुशांत दोन वर्षांपासून खुनाच्या आरोपाखाली आत होता. बाइक लावण्यावरून पलीकडच्या गल्लीतल्या हर्षदशी जुंपली आणि हर्षद मेला. मालनच्या हिशेबी, ढकलाढकलीत तो गटाराच्या कठड्यावर आपटला. सुगंधाने मात्र जबाब दिला होता की हर्षद खाली पडल्यावर सुशांतने पेव्हर ब्लॉक उचलून त्याच्या डोक्यात घातला. पाहणारी ती एकटीच. "मोतीबिंदूची बाई, तिला काय दिसतंय डोंबल!" असं मालन येईल त्याला सांगत आली होती. सुशांतला तिने कधी विचारलं नव्हतं.

आत सगळं इंग्रजीत. जान्हवी कानात सांगत होती. "वकीलबाई म्हणतायत, तपास संपलाय, चार्जशीट आलंय, खटला अजून सुरूही नाही. आधीचा एकही गुन्हा नाही. सोडलंत तर तो कणकवलीला मामाकडे राहील, मुंबईत पाय ठेवणार नाही." न्यायमूर्तींनी मान डोलावली, काहीतरी लिहिलं. मालनने पदराखाली हात जोडले.

मग सरकारी वकील उठला. त्याच्या इंग्रजीतला एकच शब्द मालनला कळला. मोदक.

"काय म्हणतोय?" मालनने विचारलं. तोवर न्यायमूर्तींनीच सरकारी वकिलाला सुगंधाने नंतर पोलिसांना दिलेला मूळ मराठी जबाब वाचायला सांगितला, आणि भरल्या कोर्टात मालनला तिचंच बोलणं परक्या आवाजात ऐकू आलं.

"'त्या दिवशी तिन्हीसांज झाली होती, तुला नीट दिसलं नाही, एवढंच सांग. कोर्टातून परत तुला याच भिंतीला लागून झोपायचंय, सुगंधे.'"

मालनला तो टोमणा वाटला होता. इथे तो धमकी झाला होता.

बाहेर आल्यावर पद्मजा वकीलबाईंनी गाऊन काढून हातावर टाकला. त्या रागावल्या नाहीत, याचंच मालनला भय वाटलं.

"काकी, गुन्हा केला की नाही हे आज ठरत नव्हतं. आरोप किती गंभीर आहे, पुरावा वरवर काय दिसतो, बाहेर आला तर पळेल का, साक्षीदाराला त्रास देईल का, एवढंच बघतात. जज म्हणाले, तो आत असताना घरचे हे करतात, तर बाहेर आल्यावर काय होईल? जामीन फेटाळला. म्हणाले, सुगंधाबाईंची साक्ष झाल्यावर पुन्हा अर्ज करा."

"साक्ष कधी?"

"खटला सुरू झाल्यावर."

"तो कधी?"

वकीलबाई पुढच्या पुकाऱ्यासाठी गाऊन चढवू लागल्या.

संध्याकाळी मालन चपला न काढताच सुगंधाच्या दारात उभी राहिली. सुगंधा दोरीवरचे कपडे काढत होती. आजूबाजूच्या खिडक्यांतले टीव्ही बारीक झाले.

"माझ्या पोराला आत ठेवलंस तू," मालन म्हणाली. "काय काय रचून सांगितलंस पोलिसांना? माझ्यासमोर म्हण."

सुगंधाच्या हातातून चिमटे पडले. "पोलीसच आले होते वैनी. कुणी काही बोललं का विचारायला. मी काही रचलं नाही."

"म्हण म्हणते ना!"

सुगंधाने म्हटलं. तिन्हीसांज, भिंत, सगळं, मालन बोलली होती तसंच. मालन ओठ आवळून एकेक शब्द तपासत होती. एखादा तरी वाढवलेला सापडावा, एक तरी खोटा निघावा, म्हणजे सगळ्यांदेखत तिची सालटी काढता आली असती. सुगंधाचं सांगून झालं, तरी मालन थांबूनच राहिली.

"आई, चल घरात," जान्हवीने तिचा दंड धरला. मालनने तो सोडवून घेतला. बोलली तेव्हा साऱ्या गल्लीला ऐकू जाईल असंच बोलली, पण आवाज नेहमीचा नव्हता.

"माझ्याबद्दल एक अक्षर खोटं नाही सांगितलंस तू, सुगंधा. म्हणजे त्याच्याबद्दलही खरंच सांगितलं असशील."