जिन्याखालचं बाकडं

शिवणकाम करणाऱ्या काकूंचं अपील नऊ वर्षं चाललं होतं. दिराने बळकावलेली दुकानाची खोली परत मिळावी, एवढंच मागणं. चपला झिजल्या, पण काकूंनी एक तारीख चुकवली नाही. वकिलांचा दंडक ठरलेला: "काकू, जिन्याखालच्या बाकड्यावर बसा. मी बोलवायला येईपर्यंत हलायचं नाही."

त्या दिवशीही त्या दहापासून बसून होत्या. अकराच्या सुमारास दीर जिना चढताना थांबला. "वहिनी, तब्येत बरी ना?" म्हणाला आणि वर गेला. वीस मिनिटांनी उतरला तो नजर चुकवून.

वकील उगवले दुपारी. दुसऱ्या कोर्टात अडकले होते म्हणे. तिकडे वर सकाळीच शिपायाने तीनदा पुकारा केला, दीर मूग गिळून बसला, आणि साहेबांनी अपील काढून टाकलं. कारण, अपील करणारी बाई गैरहजर.

"मी गैरहजर? अहो, मी इथेच होते!"

"कळतंय हो. अर्ज देऊ, अपील पुन्हा उभं करू. तुम्ही आजारी होतात असं लिहितो."

"खरं काय ते लिहा ना. वकिलांनी हलू नका म्हणून बजावलं होतं, असं लिहा."

वकील हसले. "काकू, कोर्टाला पटेल असं कारण द्यावं लागतं."

"मग आजारी कशाला? मेले होते म्हणून लिहा," काकू कडाडल्या. "आणि साक्षीला दिराला बोलवा. वर जाताना तब्येत विचारून गेलाय तो."