ग्रनाडाचा राखणदार

सौदीतल्या ताइफच्या त्या हॉटेलात दाभोळचा कादिर काउंटर सांभाळायचा. मागच्या भिंतीवर स्पेनमधल्या ग्रनाडाच्या, अरबांनी बांधलेल्या लाल राजवाड्याचा भलामोठा फोटो होता. खाली बागा नि कारंजी, वर बर्फाचे डोंगर. हॉटेलमालक, म्हणजे कादिरला व्हिसा देऊन आणणारा त्याचा कफील, येईल त्या गिऱ्हाइकाला तो दाखवून डोळे पुसायचा, "आमचे पूर्वज पळाले, म्हणून हे वैभव गेलं!"

एक्याण्णवच्या जानेवारीत सद्दामशी लढाई तोंडावर आली, तसा हा वाघ बायकापोरांसकट थेट ग्रनाडालाच पळाला. जाताना कादिरला बजावून गेला, "जागा सोडू नकोस!"

रियाधवर क्षेपणास्त्रं पडत होती, तेव्हा त्याचं पोस्टकार्ड आलं. त्यावर तोच राजवाडा, मागे एकच ओळ: "फोटोला जप."

फोटोची काच पुसता पुसता कादिर करवादला, "तुझे पूर्वज नशीबवान रे बाबा! त्यांचे पासपोर्ट कुठल्या कफिलाच्या तिजोरीत नव्हते."