दोन फेऱ्यांची शर्यत

मित्रांनो, तळाला खिळे ठोकलेला, डाव्या पायाचा एक जुना बूट आहे मी. माझा जोडीदार कधीच हरवला. आम्ही जिच्या पायात होतो, तीही आता नाही. म्हणून तिची हकिकत मलाच सांगावी लागते आहे.

ती कपडे धुण्याच्या कारखान्यात इस्त्री करायची. चालणे इतके भरभर, की सोबतच्या बायका तिला 'वावटळ' म्हणत. तिचा थोरला भाऊ बुटांच्या कारखान्यात होता. धावायचे बूट तेव्हा फक्त पुरुषांच्या मापाचे मिळत. दादाने उरल्यासुरल्या कातड्यातून आम्हाला शिवले आणि म्हणाला, "चावले तर मला शिव्या दे, पण पळणं सोडू नकोस."

मी चावलोच. तिच्या टाचेची सालटी निघाली. तिने चिंधी गुंडाळली आणि पळत राहिली.

तिची शर्यत मैदानाच्या दोन फेऱ्यांची. पहिल्या फेरीत दम राखायचा, दुसरीत तो उधळून टाकायचा. शेवटच्या वळणावर ती अशी सुटायची, की माझे खिळे मातीला जेमतेम शिवत. एका वर्षी ती सगळ्या देशात पहिली आली. बायकांनी तिला इस्त्रीच्या टेबलावर उभी करून टाळ्या पिटल्या. मालकाने बक्षीस दिले, तेही नवी कोरी इस्त्री!

पुढच्या वर्षी भर उन्हात शर्यत झाली. तीच जिंकली. धापा टाकत ती गवतावर आडवी झाली, इतर मुलीही झाल्या. तेवढ्यात पंच धावत आले. त्यांच्याबरोबरचे डॉक्टर म्हणाले, "बघा, बायकांच्या जातीला हे झेपत नाही."

ती ताडकन उठून बसली. "डॉक्टरसाहेब, मला काही झालेलं नाही. मघाशी पुरुषही असेच पडले होते. त्यांना कुणी काही म्हणालं का?"

"बाई, तुमच्या भल्यासाठीच सांगतोय."

थोड्याच दिवसांत बायकांसाठी ती शर्यत बंद झाली. छोट्या शर्यतीत पळा, असे तिला सांगण्यात आले. ती पळाली आणि शेवटची आली. "हीच का ती वावटळ?" म्हणत लोक हसले.

तरी आज ना उद्या शर्यत पुन्हा सुरू होईल, या आशेवर ती कामावरून सुटली की रिकाम्या मैदानात पळायची. दादा झिजलेले खिळे बदलून द्यायचा. मध्ये तिचे लग्न झाले, मुलगी झाली, पुढे गुडघा धरू लागला. एके दिवशी फेरी अर्ध्यात सोडून ती घरी आली. आम्हाला पुसून जुन्या चादरीत गुंडाळले आणि पलंगाखालच्या पेटीत ठेवले. "दादा, आता खिळे नको आणूस," एवढेच ती म्हणाली. त्यानंतर कित्येक वर्षे तिने घरात तो विषयच काढला नाही.

शर्यत पुन्हा सुरू झाली, तेव्हा तिची मुलगी कॉलेजात होती. रेडिओवर निवेदक नव्या विजेतीला ही शर्यत जिंकणारी देशातली पहिलीच बाई म्हणत होता. जुन्या शर्यती त्याच्या गावीही नव्हत्या. पेटीतून मला सगळे ऐकू येत होते.

"पहिली मी होते," ती इस्त्री करता करता म्हणाली.

"आई, काहीतरीच! तू कधी पळालीस?" मुलगी खळखळून हसली.

तीही थोडीशी हसली. मग तिने इस्त्री पुढच्या बाहीवर सरकवली.

ती गेल्यावर मुलीने पेटी उघडली. तोवर आतला उजवा बूट घरे बदलण्यात कुठेतरी गहाळ झाला होता. "मामा, हे खिळ्यांचं काय आहे?"

म्हाताऱ्या दादाने मला दोन्ही हातांत घेतले. "तुझ्या आईचा बूट. मीच शिवला होता."

"म्हणजे आई खरंच पळायची?"

"पळायची? तिच्या जवळपासही कुणी नसायचं!"

मुलीने माझ्या खिळ्यांवरून बोट फिरवले. "तिने मला सांगितलं होतं, मामा. मी हसले."

दादाने मला तिच्या हातात दिले.

मित्रांनो, मला तेलपाणी करा, असे मी म्हणत नाही. माझे कातडे तडकले आहे, त्याला आता काही इलाज नाही. पण तुमच्या घरातले एखादे थकलेले माणूस काम करता करता म्हणाले, की 'मीसुद्धा एकेकाळी...', तर हातातले ठेवून त्याच्याजवळ बसा. 'मग काय झालं?' एवढे तरी विचारा. अशी माणसे पुन्हा सांगायला येत नाहीत.