सहाव्या तासाला

दीपमाला परफॉर्मन्स आर्टिस्ट होती. म्हणजे नेमकं काय, हे कासारवाडीच्या घरी समजावून ती थकली होती. वडिलांची दोन बोटं प्रेस मशीनवर गेली होती. म्हणून चाकणला एका कंपनीच्या गेटसमोर उभी राहून ती मशीनशिवाय त्यांच्याच हालचाली करत होती. पत्रा ठेवायचा, हात मागे घ्यायचा, बटण दाबायचं. पूर्ण शिफ्ट, आठ तास, अवाक्षर न बोलता.

कुणी रील काढली, कुणी हसलं. सहाव्या तासाला कामावरून सुटलेली भागूबाई थांबली आणि शेजारच्या देवळातलं कुंकू आणून तिच्या पायांना लावू लागली. "अंगात आलंय पोरीच्या."

दीपमालाचा तोल सुटला. "देवी नाही हो मावशी! तुमचंच काम करून दाखवतेय मी!"

"माझं? मी तर पॅकिंगला हाय."

बोलल्यामुळे प्रयोग मोडला होता. दीपमाला फुटपाथवर बसून रागानं रडू लागली. भागूबाई शेजारी टेकली. "मग आमचं बी कर की," म्हणत तिनं हवेतच खोकं उभं केलं, चिकटपट्टी ओढली आणि कंबर धरून क्षणभर थांबली.

"हे थांबणं बी दाखव," ती म्हणाली.

दीपमालानं डोळे पुसले. सहा तास वाया गेल्याची चिडचिड मात्र जाईना.