शेंगांना विचारलेलं गाणं

त्या दिवशीही बाबा स्वयंपाकघरात मटार सोलत बसले होते. सोबत नेहमीप्रमाणे गाणं होतं, पण ते पुढच्या खोलीत, बंद दाराआड.

बाबा चित्रपटसंगीताचे समीक्षक. केस काळे होते तेव्हापासून वर्तमानपत्रात लिहीत आले होते. त्यांची एक तऱ्हा होती. नवं गाणं आधी समोर बसून ऐकायचं, मग तेच पुन्हा लावून, दार ओढून घेऊन स्वयंपाकघरातल्या बुटक्या स्टुलावर येऊन बसायचं आणि हाताला काहीतरी काम घ्यायचं. शब्द, वाद्यांचा झगमगाट, गायकाचा दबदबा, सगळं भिंतीपलीकडे राहतं. अलीकडे येते ती फक्त चाल, असं त्यांचं म्हणणं. तिच्यामुळे हातांचा वेग बदलला तर गाणं पास.

"काय, लागला का निकाल?" लेकीनं आत येत विचारलं.

"मुखडा दारातच अडखळला. अंतरा मात्र सरळ आत आला, चहा घेऊन गेला."

तिला हसू आलं, पण माघार घेणाऱ्यांतली ती नव्हती. तिचं वाचन दांडगं, आणि त्या मुखड्याच्या ओळींवर तर तिचा जीव जडला होता.

"असं हल्ली लिहितं कोण, बाबा? आणि तुम्ही गाण्याचा निकाल शेंगांना विचारता!"

"शेंगा भिडेखातर बोलत नाहीत, विदुषी."

"तुमचं आपलं काहीतरीच!"

लहानपणापासून त्यांचा प्रत्येक वाद ती याच वाक्यावर मिटवत आली होती. मागाहून पुष्कळदा तिला पटायचं. पण तोवर बाबा दुसऱ्याच गाण्यात शिरलेले असायचे आणि सांगायचं राहून जायचं.

"बरं बाई, उद्या पुन्हा ऐकतो," ते म्हणाले. त्या गाण्यावरचा लेख लिहून झाला होता; निकालाचं शेवटचं वाक्य तेवढं मोकळं ठेवून ते उठले, मटारांतले चार दाणे तोंडात टाकले आणि तिची बोलणी खाल्ली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते उठलेच नाहीत. झोपेतच, कुणाला त्रास न देता गेले.

काही दिवसांनी संपादकांचा फोन आला. "तो लेख छापायचाय. शेवटचं वाक्य तुम्ही लिहा."

"मला संगीतातलं काय कळतं?"

"तुमचे बाबा म्हणायचे, घरात माझ्याशी भांडणारं एकच माणूस आहे, तेव्हा त्याला कळत असणार."

फोन ठेवून ती लेखासमोर बसली. आता वाद घालायला समोर कोणी नव्हतं. मुखड्याची तारीफ करून ती मोकळी झाली असती, तर वाचणाऱ्यांना तेच बाबांचं मत वाटलं असतं. पेन उचलून तिनं परत ठेवलं. पुढच्या खोलीत गाणं लावलं, दार ओढून घेतलं आणि मटारांची टोपली घेऊन त्या बुटक्या स्टुलावर बसली.

मुखडा सुरू झाला. तिच्या लाडक्या ओळींची भिंतीअलीकडे नुसती गुणगुण झाली होती. हात आपले सोलत राहिले. मग अंतरा आला. चाल हळूच वर चढली, वरच्या वर क्षणभर थांबली, आणि अर्धी उघडलेली शेंग तिच्या बोटांत तशीच राहिली.

तिला खुदकन हसू आलं. डोळे पुसून तिनं आधी ती शेंग पुरी सोलली.

"बाबा," ती रिकाम्या स्वयंपाकघरात मोठ्यानं म्हणाली, "तुमचं बरोबर होतं."