दहा ते एक

कोर्टाच्या आवारात टायपिस्टबाईंचं टेबल बावीस वर्षं होतं. वकील मंडळी घाईघाईत मजकूर सांगायची आणि शेवटच्या परिच्छेदाला आली की उठायचीच. "पुढचं तुम्हाला ठाऊक आहे, बाई," म्हणायची आणि चहाला पळायची. पुढचं म्हणजे एक वाक्य: न्यायालय घालील त्या सर्व अटी अर्जदारास मान्य आहेत. हजारो लोकांच्या नावाखाली बाईंनी ते टाईप केलं होतं. बोटं आपोआप चालत, डोळे बघतसुद्धा नसत.

म्हणूनच स्वतःच्या अर्जाखालीही ते वाक्य त्यांनी तसंच टाईप केलं आणि सही ठोकून मोकळ्या झाल्या.

प्रकरण दुसऱ्याच कुणाचं होतं. दोन भावांचं घरावरून वाजलं. थोरल्याच्या प्रतिज्ञापत्रातली एक ओळ खोटी आहे आणि ती टायपिस्टबाईंनी मागाहून घुसडली, अशी तक्रार धाकट्यानं ठोकून दिली. बाईंनी समोरचा कागद जसाच्या तसा उतरवला होता. पण पोलीस दारात येऊन गेले तेव्हा त्या घाबरून आपल्या जुन्या वकीलसाहेबांकडे धावल्या. अटकपूर्व जामीन पाच मिनिटांत मिळाला. अट एकच: दोषारोपपत्र दाखल होईपर्यंत रोज सकाळी दहा ते एक पोलीस ठाण्यात हजेरी.

"जिंकलो!" वकीलसाहेब म्हणाले.

बाई मनातल्या मनात वार मोजू लागल्या. नवऱ्याच्या दोन्ही किडन्या निकामी होत्या. सोमवार, बुधवार, शुक्रवार, साडेनऊ ते दीड, असं त्याचं डायलिसिस चाले. दुसरी वेळ शिल्लक नव्हती, आणि दवाखान्यातून ठाण्यात पोचायला तास लागे. लागोपाठ दोनदा चुकलं तर मशीन यादीतल्या पुढच्या माणसाला जाई, आणि यादी हातभर लांब होती.

पहिल्या सोमवारी शेजारच्या काकांनी त्याला रिक्षात घालून नेलं. बुधवारी काकांची कंबर धरली आणि ती पाळी बुडाली. शुक्रवारी तो हट्टानं एकटा निघाला, जिन्यात बसला आणि बसूनच राहिला. कुणीतरी उचलून पोचवलं तेव्हा अकरा वाजले होते. चार तासांच्या जागी अडीच तास मिळाले. पुढच्या आठवड्यातही तेच. अंगात पाणी साठू लागलं, पाय सुजले, आडवं पडलं की धाप लागे. डॉक्टर बाईंना म्हणाले, "असं फार दिवस चालणार नाही." बाईंना ते वेगळं सांगायला नको होतं.

आणि या सगळ्या वेळात बाई काय करत होत्या? पोलीस ठाण्यातल्या बाकावर बसून होत्या! एकोणीस दिवसांत एकदा त्यांना विचारणा झाली, तीही नाव आणि पत्ता. उलट हवालदारसाहेबांना लिखाणाचा भारी कंटाळा, त्यामुळे त्यांचे अहवालच बाईंच्या पुढ्यात येऊ लागले. "बाई, एवढं जरा नीट करून द्या की, तुमचा हात बसलेला आहे." आरोपीकडून शुद्धलेखन तपासून घेणारं ते ठाणं धन्य होतं. बाईंनी एकदा हात जोडून विचारलं, "हे तीन दिवस मी दुपारी आले तर?"

"माझ्या हातात असतं तर आत्ता सोडलं असतं, बाई," हवालदार म्हणाले. ते खोटं बोलत नव्हते. "पण कोर्टाचा हुकूम आहे."

वकीलसाहेबांनी अट बदलायला अर्ज केला. या खेपेला ते जीव तोडून बोलले. "अट कशासाठी असते, साहेब? माणूस तपासाला हाताशी असावा म्हणून. त्याचं जगणंच बंद पडावं म्हणून नव्हे. पोलिसांनी बोलावलं की त्या येतील. बोलावतच नाहीत, तर रोज बसवून काय मिळतं?"

सरकारी वकिलांनी शांतपणे जुना अर्ज उघडला आणि शेवटच्या परिच्छेदावर बोट ठेवलं. न्यायाधीशांनी चष्म्यावरून बाईंकडे पाहिलं. "हे तुम्हीच लिहिलंय ना?"

"हो साहेब. पण वाचलं नव्हतं."

मागच्या बाकांवर कुणीतरी फिसकन हसलं. बाईंना मेल्याहून मेल्यासारखं झालं. सरकारी वकिलांनी लेखी म्हणणं द्यायला वेळ मागितला आणि पंधरा दिवसांनंतरची तारीख पडली. वकीलसाहेब बाहेर येऊन म्हणाले, "हजेरी तेवढी चुकवू नका हं. एक दिवस चुकलात तर जामीन रद्द करायला टपलेत ते."

त्यानंतरच्या बुधवारी नवरा गेलाच नाही, खाटेवरून उठवेना. शुक्रवार चुकला तर मशीन जाणार होतं. शुक्रवारी सकाळी तो उशांना टेकून बसला होता, ओठ निळसर पडले होते. "अगं, तू जा ठाण्यात," तो म्हणाला. "तुला आत टाकलं तर माझं कोण बघणार?"

"आणि तुम्हीच नसलात तर मी बाहेर राहून कुणाचं बघू?" बाई खेकसल्या. मग त्यांना रडू फुटलं, आणि रडता रडताच त्यांनी त्याच्या पायात चपला घातल्या. रिक्षावाल्याला वर बोलावून दोघांनी त्याला तीन मजले उतरवलं. साडेनऊला पाच मिनिटं कमी असताना सिस्टरनी त्याच्या हातात सुई घातली. बाई शेजारच्या स्टुलावर बसल्या. दहा वाजले. मग अकरा. धाप हळूहळू ओसरली आणि तो झोपला. बाईंनी कितीतरी दिवसांनी त्याला सपाट झोपलेलं पाहिलं.

सव्वाबाराला फोन वाजला. हवालदार होते, आवाज खाली आणून बोलत होते.

"बाई, कुठे आहात? मोठे साहेब आलेत, हजेरी बघतायत. मला गैरहजर लिहायला लागेल हो. पळून गेल्या म्हणतील."

"लिहा. गैरहजर आहे ते खरंच आहे," बाई म्हणाल्या. "पण पळून गेले असं लिहू नका. मी डायलिसिसच्या खोलीत आहे, चार नंबरचा पलंग. अटक करायची तर दीडनंतर या, त्याआधी मशीन सुटत नाही."

बाईंनी नवऱ्याच्या अंगावरची चादर सारखी केली.

"आणि साहेब, दोघेजण या. मला न्यायला एक पुरे. यांना तीन मजले चढवायला दोघे लागतात."